पूतनेला हाक

त्या रविवारी कल्याणच्या घरात विशेष असं काही घडलं नाही. मी पोचले तेव्हा मावशी अंगणात मरून पडली होती. एक हात डोक्याखाली, एक पाय दुमडलेला, तोंड उघडं. मंडळीत नव्यानं आलेली रखमा तिच्याशेजारी उकिडवी बसून ती कशी पडली आहे ते निरखत होती. मंदाकिनीबाई ओसरीवर तांदूळ निवडत होत्या. सुपातून मान वर न करता त्यांनी हाक दिली, "बायजे, ऊठ. तोंड धू."

मावशी उठली. लुगड्याची माती झटकून तिनं रांजणातलं पाणी तोंडावर मारलं आणि मला पाहून म्हणाली, "आलीस गो? बस जरा. मना अजून एकदा मरायचं हाय."

चैत्रात डोंबिवलीच्या गावदेवीची जत्रा होती आणि गावकऱ्यांनी जुना पूतनावधाचा खेळ मागितला होता. मावशीच्यानं आता फार वेळ उभं राहवत नव्हतं. पूतना रखमा करणार होती, आणि तिला पडणं जमत नव्हतं. आधी गुडघा, मग कूस, डोकं सगळ्यांत शेवटी, असं मावशी परत परत सांगत होती. डोकं आधी टेकलं तर लोक हसतात म्हणे.

रखमा देशावरची, नवऱ्याला सोडून आलेली. ती म्हणाली, "नवऱ्यानं इतक्यांदा पाडलं मला, तवा गुडघा आधी का डोकं आधी, कुणी इचारलं न्हाई."

मंदाकिनीबाई इतक्या हसल्या की सूप हललं आणि निवडलेले खडे पुन्हा तांदळात गेले.

मंदाकिनीबाईंची मंडळी म्हणजे बायकांची नाटक मंडळी. इतर मंडळ्यांत पुरुष लुगडं नेसून द्रौपदी होत. इथं बायका मिशा लावून भीम होत. मावशी म्हणायची, फरक इतकाच की त्यांचं कौतुक होतं आणि आमची चौकशी होते. या मंडळीत एक रीत होती. खेळात मेलेलीनं आपणहून उठायचं नाही. दोघी जणी पुढं पडदा धरत, ती त्यामागं पडून राही, आणि तिच्या कुणीतरी तिला घरच्या नावानं हाक मारली की मगच ती उठे. हाक न घेता उठली तर जो मेला तोच उठतो, बाई आतच राहते, अशी त्यांची समजूत. उठल्यावर पहिलं काम रंग धुण्याचं. हाकेआधी तोंडाला पाणी लावायचं नाही. मंडळीतल्या बहुतेक बायका एकमेकींच्या नात्यातल्या होत्या, त्यामुळं पडद्यामागून "आई, ऊठ", "अक्का, ऊठ" अशा हाका येत. मावशीचं तिथं कुणी नव्हतं. तिला मंदाकिनीबाई उठवत.

तिची मुलगी मी. मी ठाण्याला होते, आणि तिला मावशी म्हणत होते.

माझा जन्म दिव्याचा, खाडीकाठच्या आगरी वस्तीतला. वडील गणू मिठागरात कामाला होते. भरतीनं फुटलेला बांध घालताना त्यांना पान लागलं, साप डसला, आणि संध्याकाळच्या आत ते गेले. मी तेव्हा अंगावर पीत होते. बायजेचे थोरले दीर काळुराम यांनी रीतीप्रमाणं तिचा पाट, दुसरं लग्न, लावायचं ठरवलं. ज्याच्याशी ठरवला तो माणूस वाईट नव्हता, म्हातारा होता. ती नाही म्हणाली. नाही म्हणून पुढं काय करणार, हे तिलाही ठाऊक नव्हतं.

त्याच दिवसांत पुन्हा एकदा बांध फुटला. बायजा बांधावर उभी राहून पलीकडच्या आगरातल्या माणसांना हाका मारत होती. मंदाकिनीबाईंचं गलबत भरतीबरोबर कल्याणकडे चाललं होतं. त्यांना त्या वर्षी राक्षस मिळत नव्हता. बाई कलावंतीण, आणि कलावंतिणीच्या मुली गळा जपून असतात. आंबट खात नाहीत, वाऱ्याला बसत नाहीत. राक्षसाची आरोळी ठोकून गळा फाडून घ्यायला एकही तयार नव्हती. बाईंनी गलबत थांबवलं आणि विचारलं, ही हाक कुणाची? पुढं कितीतरी वर्षं त्या ही गोष्ट सांगत. "गळा नव्हता तो," म्हणत, "शिंग होतं शिंग."

बायजेची थोरली बहीण सखुबाई ठाण्याला कोपरीत दिलेली. तिला मूल नव्हतं. बायजा मला घेऊन माहेरी गेली, सखुबाईही पावसाळ्यात तिथं आली ती दिवाळीपर्यंत राहिली, आणि कोपरीला परत गेली ती मला मांडीवर घेऊन. कोपरीत सांगितलं, सखूला माहेरी मुलगी झाली. दिव्यात सांगितलं, बायजेची पोर तापानं गेली. सखुबाईचे यजमान परशुराम यांना खरं ठाऊक होतं आणि त्यांनी जन्मात एकदाही त्याचा उच्चार केला नाही. बायजा निघाली तेव्हा रडणाऱ्या बहिणीला म्हणाली होती, "माय मरो, मावशी जगो, असं म्हनतात ना? मेली माय. आजपासून मी मावशी."

अट तिनंच घातली. पोरीनं मला मावशीच म्हणायचं, चारचौघांत आणि एकांतातही. सखुआई म्हणाली होती, घरात तरी आई म्हणू दे. त्यावर बायजेचं उत्तर होतं, "जिभेला घर नि बाजार कलत नाय. घरात म्हनाली त एक दिवस बाजारात म्हनंल."

हे मला कुणी बसवून सांगितलं नाही. पण मला ते ठाऊक नव्हतं असा एकही दिवस मला आठवत नाही.

आमच्या जातीनं बायजेला वाळीत टाकलं. नाटकात गेलेली बाई मेल्यात जमा. तिच्याशी संबंध ठेवणाऱ्याचंही पाणी तुटे. म्हणून ती कोपरीला कधी आली नाही. तिचं नाव मात्र येई. खाडीखाडीनं भिवंडी, पनवेल, मग आगगाडीनं घाट चढून वर देशावर. जिथं मंडळी जाई तिथं लोक आधी विचारत, पूतना आहे ना? राक्षसाचा प्रवेश प्रेक्षकांच्या मागून होई. मशालींवर राळ उडे, भपका होई, आणि त्या उजेडात मावशी आरोळी ठोकत दोन्ही हातांत लाकडी तलवारी घेऊन लोकांतून धावत येई. जुन्नरकडच्या एका पाटलानं पैज लावली होती की हा बाप्याच आहे, आणि खात्री करायला त्यानं आपल्या घरातल्या बायका आत पाठवल्या. त्या बराच वेळ बाहेर येईनात. पाटील घाबरला. शेवटी समजलं की मावशी त्यांना सुक्या बोंबलाची चटणी कशी करायची ते सांगत बसली होती.

पण खरं नाव झालं ते आरोळीनं नव्हे. तिची पूतना गोकुळात यायची ती हळू, पदर सावरत, डोळ्यांत माया घेऊन. यशोदेला म्हणायची, मी बाळाची मावशी. त्या वेळी ती इतकी साधी दिसे, इतकी थकून आलेली, की प्रेक्षकांतल्या बायका म्हणत, अगं दे, दे तिच्या मांडीवर. आणि मग बाळ मांडीवर आलं की तिचं तोंड फिरे. बायका आपापली मुलं पोटाशी धरत.

मी तो खेळ एकदाच पाहिला. नऊ-दहा वर्षांची असेन. कल्याणच्या देवीला नवस आहे असं सांगून सखुआईनं मला नेलं. देवळापुढच्या मांडवात, बायकांच्या बाजूला, अगदी मागं बसलो. पूतना मेली, पडदा धरला गेला, आणि सखुआई मला हाताला धरून मागं घेऊन गेली. मंदाकिनीबाईंनी आम्हाला पाहिलं. त्या हाक मारायला पुढं झाल्याच होत्या, त्या थांबल्या आणि मला म्हणाल्या, "आज तिचं माणूस आलंय. तू मार हाक."

मावशी जमिनीवर पडली होती. कपाळापासून हनुवटीपर्यंत लाल हिंगूळ, डोळ्यांभोवती काजळाची वर्तुळं. श्वास चालू होता. तो मला दिसत होता. आजूबाजूला बायका, मृदंगवाला नाथा, देवळाचे कोणी दोघं उभे होते. सखुआईचा हात माझ्या खांद्यावर होता.

मी म्हटलं, "मावशी, ऊठ."

ती उठली नाही. डोळेही उघडले नाहीत. कुणीतरी हसलं. एकजण म्हणाली, मावशी म्हणून बोलावलं तर पूतनाच उठायची की. मी पुन्हा म्हटलं, मावशी, ऊठ. पुन्हा ती तशीच. तेव्हा मंदाकिनीबाईंनी नेहमीसारखी हाक दिली आणि ती उठली, माझ्याकडे न बघता घागरीपाशी गेली, तोंड धुतलं, पुसलं, आणि मग वळून मला पोटाशी धरलं. तिच्या अंगाला राळेचा आणि घामाचा वास येत होता. म्हणाली, "मना आयकू आलं नाय गो. कानांत अजून मृदंग वाजत व्हता."

माझ्या हाकेच्या वेळी मृदंग वाजत नव्हता. नाथा माझ्याशेजारी उभा होता.

पुढं माझं लग्न झालं. नवरा मला सासरी न्यायच्या आधीच देवीच्या साथीत गेला. परशुरामबाबा मिठाच्या कचेरीत शिपाई होते. तिथल्या साहेबलोकांचं बघून असेल, त्यांनी मला मुलींच्या शाळेत घातलं. मी शिकले, त्याच शाळेत शिकवू लागले. आगरी वस्तीतली पहिली मास्तरीण म्हणून कोपरीत मला मान होता, आणि शाळेच्या कमिटीत माझ्या घराण्याच्या साधेपणाबद्दल चांगलं बोललं जाई. तो मान सखुबाईच्या मुलीचा होता. नाटकातल्या बायजेच्या मुलीला त्या शाळेच्या ओट्यावरही बसू दिलं नसतं.

दर रविवारी मी कल्याणला जाई. वस्तीत सांगितलं होतं की कल्याणला एका बाईंना पोथ्या वाचून दाखवते. ते खरंच होतं.

मी शाळेत रुळले त्याच वर्षांत मावशीचं काम संपत आलं. कॉलेजात शिकलेल्या लोकांनी नाटकं लिहायला घेतली होती. त्यांना लोक बुकिश नाटकं म्हणत. त्यांत शब्द ठरलेले. नटानं नक्कल, म्हणजे आपली लिहिलेली भाषणं, पाठ करायची आणि तेवढंच बोलायचं. राक्षस त्यांत नव्हतेच. मावशीच्या खेळात सूत्रधार पद म्हणे आणि पुढचं भाषण पात्रानं आपल्या मनानं करायचं. तिचं एकही वाक्य कुठं लिहिलेलं नाही. जुन्या खेळांना आता "अललडुर्र" म्हणून हसत, राक्षसाच्या आरोळीवरून. आमचे हेडमास्तर प्रभाकरपंत सज्जन माणूस, वर्गात गलका झाला की ते दारात येऊन म्हणत, "मुलींनो, ही शाळा आहे, अललडुर्र नव्हे." मुली हसत. मी फळ्याकडे तोंड करून काहीतरी लिहीत असे.

गळाही गेला होता. बोलताना मध्येच आवाज नाहीसा होई आणि ती थांबून, हसून, तो परत यायची वाट बघे.

तर त्या रविवारी रखमा पडायला शिकली. मग मावशी मला म्हणाली, हिला पूतनेचं पोथीतलं वाचून दाखव, नुसतं पडून काय उपयोग, का मरते ते कळायला हवं. मी वाचलं. मावशीनं मला दोनदा मोठ्यानं वाचायला सांगितलं.

"तुझा आवाज गल्यातून येतो," ती म्हणाली. "पोटातून आन. अशी हाक बांधाच्या पलीकरं जानार नाय."

मी म्हटलं, मला शाळेत बांध ओलांडावा लागत नाही.

"बरं मास्तरीनबाय," ती म्हणाली.

शेवटी ते आलंच, की पूतना विष पाजायला आली तरी कृष्ण तिचं दूध प्यायला, म्हणून देवानं तिला आईची गती दिली. रखमाला ते नवल वाटलं. इतकी वाईट बाई आणि तिला यशोदेची गती? मंदाकिनीबाई म्हणाल्या, "प्यायला ना तो? मग झाली आई. आली कशाला होती ते कोण विचारतं."

मावशी चुलीवरचे बोंबील करपले असं म्हणत उठून आत गेली. बोंबील करपले नव्हते.

जेवताना तिनं माझ्या ताटात मधला मऊ तुकडा वाढला आणि केसांना तेल लावत नाहीस म्हणून रागावली. सखूचे गुडघे कसे आहेत ते विचारलं. बोलता बोलता मंदाकिनीबाईंना म्हणाली की मी मेले की मला दिव्याला न्या, खाडीकाठी, गणूला जिथं नेलं तिथं. मंदाकिनीबाई म्हणाल्या, इतकी वर्षं आमचं मीठ खाल्लंस आणि जायचं मात्र तिकडं? मावशी म्हणाली, "मीठ तिकरचंच हाय बाई. तुमी इकत घेता."

निघताना मी पायरीवरून म्हटलं, "येते मावशी."

"ये," ती म्हणाली, आणि रखमाला पुन्हा पडायला सांगायला वळली.

मंगळवारी दुपारी नाथा शाळेच्या दारात उभा दिसला. आता तो म्हातारा झाला होता. त्यानं पागोटं काढून हातात घेतलं होतं, म्हणून मला सगळं आधीच समजलं. प्रभाकरपंत बाहेर आले. त्यांनी विचारलं, कोण गेलं? नाथानं माझ्याकडे पाहिलं.

"माझी मावशी," मी म्हटलं.

प्रभाकरपंतांनी मला लगेच जायला सांगितलं. म्हणाले, "माय मरो पण मावशी जगो, असं आपल्यात म्हणतात. मावशीचं दुःख मोठं असतं. उद्याही येऊ नका." त्यांनी ते मनापासून म्हटलं होतं. मी त्यांना नमस्कार केला.

सखुआईला घेऊन मी गाडीत बसले. परशुरामबाबा दिव्याकडे गेले, काळुरामांना सांगायला. वाटेत नाथानं सांगितलं ते असं. सकाळी मावशीनं तोंडाला रंग लावला होता, रखमाला पूतनेचं तोंड कसं फिरतं ते दाखवायला. ते दाखवून झालं. मग ती पडली. आधी गुडघा, मग कूस, डोकं शेवटी. रखमा म्हणाली, वा. मंदाकिनीबाईंनी आतून हाक मारली. ती उठली नाही. त्यांनी पुन्हा मारली, जरा रागावून, कारण दूध उतू चाललं होतं. रखमा शेजारी बसून हसत होती. तिला वाटलं, आज आपल्याला पडून किती वेळ राहायचं ते शिकवतायत. बराच वेळ ती तशीच बसून होती.

"इतकं बरोबर पडल्या होत्या," नाथा म्हणाला, आणि खिडकीबाहेर बघू लागला.

घरी पोचलो तेव्हा तिला अंगणात तुळशीपाशी घोंगडीवर ठेवलं होतं. अंगावर पांढरं लुगडं. तोंडावर रंग तसाच होता. कपाळापासून हनुवटीपर्यंत हिंगूळ, डोळ्यांभोवती काजळ. शेजारी पाण्यानं भरलेली घागर होती. सखुआईनं विचारलं, हिचं तोंड का धुतलं नाही? मंदाकिनीबाई भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्यांचं वय मला त्या दिवशी पहिल्यांदा दिसलं.

"मी हाक मारली," त्या म्हणाल्या. "आजवर माझ्या हाकेला उठली नाही असं झालं नव्हतं. हाक लागली नाही तर मी पाणी कसं लावू?" मग त्या माझ्याकडे बघू लागल्या. तू मार हाक, असं म्हणाल्या असत्या तर बरं झालं असतं.

उन्हं कलली तेव्हा दिव्याची माणसं आली. काळुराम पुढं, काठी टेकत. कलावंतिणीच्या घराचा उंबरा ते ओलांडणार नव्हते. अंगणाच्या फाटकाबाहेरच सगळे उभे राहिले. परशुरामबाबा त्यांच्या मागं होते. काळुरामांना मी प्रथमच पाहत होते. माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. त्यांनी फाटकातून आत पाहिलं, त्या लाल तोंडाकडे, आणि बराच वेळ पाहत राहिले.

परशुरामबाबांनी तिची इच्छा सांगितली. दिव्याच्या काठी जागा द्या, एवढंच. काळुरामांनी शांतपणे ऐकलं. म्हणाले, ही आम्हाला गणूच्या मागोमागच मेली. जातीनं सोडलेल्या माणसाला कुणीतरी आपलं म्हणावं लागतं, तेव्हाच खांदा देता येतो. बहीण चालत नाही, बहीण दुसऱ्याच्या घरची.

मग त्यांनी आवाज चढवला. भांडायला नव्हे, त्यांचा आवाज तसाच होता, खाडीपलीकडे जाणारा.

"हिचं कोन हाय? गनूची पोर व्हती, ती बी गेली. ती जगली आसती त तिच्या तोंडाकरं बगून नेली आसती मी हिला. माजी भावजय व्हती ती. पन हिचं कोन हाय आथा?"

परशुरामबाबा जमिनीकडे बघत होते. फाटकाबाहेर कोपरीची दोन माणसं होती, मीठ कचेरीतली, बाबांच्या सोबतीला आलेली. उद्या सकाळपर्यंत इथला शब्द कोपरीत जाणार होता आणि दुपारपर्यंत शाळेत. सखुआईचं पाणी तुटेल. नदीवर, विहिरीवर, लग्नाकार्यात तिला कुणी ओळखणार नाही. म्हातारपणी, गुडघे धरलेले असताना. आणि जिनं मला वाढवलं, जेवू घातलं, माझ्या तापात रात्री बसून काढल्या, तिला आजवर मी जे म्हटलं ते या अंगणात तिच्याकडून काढून घेतल्यासारखं होईल. हे सगळं मला दिसत होतं. मी वाचलेल्या पुस्तकांत अशा वेळी माणसं निर्णय घेतात. मी काही घेतला नाही. मी फक्त तिच्या तोंडावरचा तो रंग बघत होते. कडेनं तो वाळून भेगाळला होता.

सखुआईचा हात माझ्या खांद्यावर आला, तसाच, त्या वेळेसारखा. तो मला मागं धरत होता की पुढं ढकलत होता, हे मला अजूनही सांगता येत नाही. मी वळून पाहिलं. तिचं तोंड पदरात होतं.

मी घोंगडीपाशी गेले आणि बसले. तोंडातून काही निघालं, पण ते माझं मलाच ऐकू आलं नाही.

फाटकाबाहेरून काळुरामांनी विचारलं, "क बोलली ती?"

मी श्वास खाली घेतला, पोटापर्यंत. घागर जवळ ओढली. आणि आगराच्या पलीकडे जाईल अशी हाक मारली.

"आई, ऊठ. खेळ संपला. तोंड धू."